१९८६ ला संपादित झालेल्या जमिनीसाठी आता हायकोर्टात रिट (दाद मागणारा थेट अर्ज) करता येते का?

मुठाकाठचा | रविवार, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. लांबण लागणार आहे, आधीच माफी मागतो.

मूळ गाव हवेली तालुक्यात. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, निम्मं गाव इथे वाचत असतं. आजोबांनी १९५८ साली खरेदीखताने घेतलेली तीन एकर बारा गुंठे जमीन. आजोबा १९८३ ला वारले. १९८६ ला त्यातली दीड एकर कालव्याच्या फाट्यासाठी सरकारने घेतली. पैसे मिळाले, किती, ते घरात कोणी धड सांगत नाही. वडील हयात असताना "चहापाण्यापुरते" एवढंच म्हणायचे. पुढे फाट्याचं काम निम्म्यातच थांबलं. आमच्यातली वीस-बावीस गुंठे जागा आजही तशीच पडून आहे, बाभळी माजल्यात. शेजारी बिल्डरची स्कीम उभी राहिली आहे आणि गुंठ्याचा भाव ऐकला की रात्री झोप लागत नाही, खोटं कशाला बोलू.

गेल्या महिन्यात चुलतभाऊ एका गृहस्थांना घेऊन घरी आला. वकील नाहीत, "भूसंपादन सल्लागार" आहेत म्हणे. त्यांचं म्हणणं असं की २०१३ च्या नव्या भूसंपादन कायद्यात कलम २४(२) आहे. जुन्या संपादनात सरकारने प्रत्यक्ष ताबा घेतला नसेल किंवा मोबदला दिला नसेल, तर संपादन आपोआप रद्द होतं. बाभळी आहेत म्हणजे ताबा घेतलेला नाही. सुप्रीम कोर्टाचा, तोही आपल्या पुणे महापालिकेचाच निकाल आहे, असं म्हणून मोबाइलवर कात्रण दाखवलं. आधी दीड लाख खर्चाला, जमीन सुटली की चाळीस टक्के त्यांचे.

चाळीस वर्षांनी कोर्ट असं ऐकतं का? भाऊ पैसे भरायला निघाला आहे.

चहाटळ | रविवार, रात्री ९:५२

चाळीस टक्के? मग तो सल्लागार नाही, सख्खा भाऊच आहे. वारस नोंदीत घ्या त्याला.

काळा_कोट | रविवार, रात्री १०:३५

पैसे भरू नका. आधी हे वाचा.

कात्रण खोटं नाही, जुनं आहे. २४ जानेवारी २०१४ चा तो निकाल. पुणे महापालिकेला 'फॉरेस्ट गार्डन'साठी सुमारे ४४ एकर जागा हवी होती. जानेवारी २००८ मध्ये निवाडा (म्हणजे संपादन अधिकाऱ्याचा मोबदला ठरवणारा आदेश) झाला, २७ कोटी मोबदला ठरला, मालकांनी घेतला नाही, म्हणून तो सरकारी कोषागारात जमा केला गेला. तीन न्यायमूर्तींनी ठरवलं की कोषागारात जमा करणं म्हणजे 'दिला' असं होत नाही; कोर्टात भरायला हवा होता. सबब संपादन रद्द. १ जानेवारी २०१४ ला नवा कायदा लागू झाला आणि महिन्याच्या आत हा निकाल आला. मग काय, विसरलेल्या फायली माळ्यावरून खाली आल्या. त्या काळात मी ज्युनिअर होतो. रोज कोणीतरी पिवळी पडलेली ताबा पावती पिशवीत घालून यायचं.

तुमच्या सल्लागारांनी पुढचं सांगितलं नाही. ६ मार्च २०२० ला इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो पुण्याचा निकाल फिरवला. सगळा खेळ एका 'किंवा'चा होता. कलमात 'ताबा घेतला नाही किंवा मोबदला दिला नाही' असं आहे. घटनापीठ म्हणालं, ते 'ताबाही नाही आणि मोबदलाही नाही' असं वाचायचं. दोन्ही गोष्टी झाल्या नसतील तरच संपादन रद्द. एक जरी झाली असेल तर नाही. शिवाय मोकळ्या जमिनीचा ताबा पंचनाम्याने घेतला तरी तो कायदेशीर ताबाच. आणि तुमच्या कामाचा मुद्दा असा की या कलमाच्या आधाराने वर्षानुवर्षं शिळे झालेले, मिटलेले वाद पुन्हा उकरून काढता येणार नाहीत, हे स्पष्ट लिहिलं आहे.

तुमच्या घरात पैसे आलेत. विषय तिथेच संपतो. बाभळीचा उपयोग नाही.

आणि निकालावर टक्केवारी ठरवून फी घेणं आम्हा वकिलांना बार कौन्सिलच्या नियमांनी मना आहे. म्हणूनच ते गृहस्थ 'सल्लागार' आहेत.

आडनाव_नाही | सोमवार, सकाळी ८:१०

पण वकीलसाहेब, रिटला मुदतीचा कायदा लागू नाही ना? मग उशीर झाला म्हणून कसं फेटाळतात?

काळा_कोट | सोमवार, दुपारी १:२०

बरोबर, १९६३ चा मुदत कायदा अनुच्छेद २२६ च्या रिटला जसाच्या तसा लागत नाही. पण रिट हा कोर्टाच्या अखत्यारीतला, विवेकाने द्यायचा उपाय आहे. 'इतके दिवस कुठे होतात?' हे कोर्ट विचारणारच. याला आम्ही लॅचेस म्हणतो. दिल्लीचं एक जुनं प्रकरण आहे: अधिसूचना १९५९ ची, मालक कोर्टात आले १९७२ ला. घटनापीठाने १९७४ मध्ये सांगितलं, अधिसूचनेत खोट होती तर तेव्हाच यायचं होतं. सरकार पुढची कामं करत असताना तुम्ही नुसतं बघत बसलात. संपादनाच्या कामात हा निकाल आजही पहिल्या पानावर असतो. निवाडा झाला, ताबा गेला, जमीन सरकारजमा झाली, की कोर्टाचा हात फार आखडतो.

आणि पुण्याच्या माणसाला रिटसाठी अजून मुंबईच. कोल्हापूरचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ ला सुरू झालं, पण आपला जिल्हा त्यात नाही. डेक्कन क्वीनचा पास काढावा लागेल.

काळी_माती | सोमवार, दुपारी ३:०५

एक विचारू का? सरकार चाळीस वर्षं जागा पडीक ठेवतं. त्याला लॅचेस नाही? उशीर फक्त शेतकऱ्याचाच मोजायचा?

चहाटळ | सोमवार, दुपारी ३:११

सरकारचं घड्याळ सरकारी असतं.

काळा_कोट | सोमवार, रात्री ९:४५

काळी_माती, प्रश्न रास्त आहे, उत्तर कडू आहे. १८९४ च्या जुन्या भूसंपादन कायद्याने निवाडा होऊन ताबा गेला की जमीन सर्व बोज्यांतून मुक्त होऊन सरकारची. ज्या कामासाठी घेतली ते झालं नाही, तर दुसऱ्या सार्वजनिक कामाला वापरता येते. मूळ मालकाला परत मागण्याचा हक्क त्या कायद्यात नव्हता. नव्या कायद्यात कलम १०१ आहे, पाच वर्षं न वापरलेल्या जमिनीबद्दलचं, पण ते नव्या कायद्याखाली घेतलेल्या जमिनीपुरतं.

पुण्यात लोक एक गल्लत नेहमी करतात, ती इथेच मिटवतो. विकास आराखड्यातलं आरक्षण म्हणजे संपादन नव्हे. तुमच्या जागेवर बाग, शाळा, रस्ता असं आरक्षण पडलं आणि दहा वर्षांत घेतलीच नाही, तर एमआरटीपी, म्हणजे राज्याच्या नगररचना कायद्याच्या कलम १२७ खाली खरेदी सूचना ('जागा घ्या, नाहीतर सोडा') देता येते. २०१५ च्या दुरुस्तीनंतर प्राधिकरणाला २४ महिने मिळतात. तेवढ्यात संपादनाची पावलं उचलली नाहीत तर आरक्षण व्यपगत होतं, म्हणजे आपोआप उठतं. म्हणजे तिथे सरकारच्या झोपेला किंमत आहे. मुठाकाठच्यांचं प्रकरण ते नाही. त्यांची जमीन गेलेली आहे.

अव्वल_कारकून | मंगळवार, सकाळी ६:५०

मी संपादनाच्या कामात एकतीस वर्षं काढली, आता निवृत्त. कार्यालय कुठलं ते राहू दे. काळ्या कोटवाल्यांनी कायदा सांगितला, मी कागद सांगतो.

कलम ४ ची अधिसूचना राजपत्राच्या पुणे विभागीय पुरवणीत यायची, चावडीवर चिकटायची. कलम ५अ खाली तीस दिवसांत हरकत. मग कलम ६ ची घोषणा, मोजणी, कलम ९ च्या नोटिसा, निवाडा, आणि शेवटी १२(२) ची नोटीस, की बाबा निवाडा झाला, पैसे न्यायला या. ही शेवटची नोटीस फार महत्त्वाची, कारण वाढीव मोबदल्यासाठी कलम १८ चा अर्ज तिच्यापासून सहा आठवड्यांत करायचा असे. लोक काय करायचे? नोटीस पाटीत टाकायचे, नाहीतर देव्हाऱ्यामागे. सरकारी कागद म्हणजे संकट, उघडायचाच नाही.

ताबा म्हणजे काय होतं तेही ऐका. सर्कल, तलाठी, मी आणि गावातले दोन पंच. पंच ठरलेले असायचे. बांधावर नाही तर जवळच्या झाडाखाली बसून पंचनामा, खाली सह्या-अंगठे, ताबा पावती, झालं. पिकं उभी असली तर तीही लिहायची. कुंपण घालायला कोणी येत नसे. म्हणून मालक पुढे दहा-दहा वर्षं तिथेच ज्वारी घेत राही आणि त्याला मनापासून वाटे, जमीन आपलीच आहे. कोर्ट त्या पंचनाम्याकडे बघतं, ज्वारीकडे नाही. बरं की वाईट ते तुम्ही ठरवा. मला तेव्हाही ते खटकायचं, पण सही मीच करायचो.

मुठाकाठचे, भावाला दीड लाख खिशात ठेवायला सांगा आणि शेसव्वाशे रुपये खर्च करा. निवाड्याची नक्कल, ताबा पावती, रक्कम वाटपाचं पत्रक आणि कजाप, म्हणजे भूमी अभिलेखचं कमी-जास्त पत्रक, एवढं मागा. अभिलेख कक्षात नसेल म्हणाले तर माहिती अधिकारात टाका. आणि पत्रकात सहीपुढे 'अंडर प्रोटेस्ट', म्हणजे हरकत राखून पैसे घेतले, असं लिहिलंय का ते बघा. तसं न लिहिता पैसे उचलले असतील तर कलम १८ चा दरवाजा तिथेच बंद झाला होता.

मावळतीचा_वारा | मंगळवार, दुपारी २:३०

माझं थोडं वेगळं आहे, इथेच विचारते. माहेर मुळशी तालुक्यातलं. १९७४-७५ ला आमच्या शेतातून रस्ता गेला. वडिलांना नोटीस नाही, निवाडा नाही, एक पैसा नाही. तलाठ्याने सांगितलं, "सरकारचं काम आहे, रस्ता तुमच्याच फायद्याचा." आजही सातबाऱ्यावर वडिलांचं नाव आणि जागेवर डांबर. आम्हालाही उशीरच झालाय का? पन्नास वर्षं झाली.

काळा_कोट | मंगळवार, रात्री १०:१५

ताई, तुमचं खरंच वेगळं आहे. मुठाकाठच्यांच्या प्रकरणात सरकारकडे कागद आहेत आणि घर उशिरा जागं झालं. तुमच्यात सरकारकडे कागदच नाही. कोर्ट या दोन उशिरांना एका मापाने मोजत नाही.

हिमाचल प्रदेशातलं एक प्रकरण आहे. १९६७-६८ ला सरकारने रस्त्यासाठी एका निरक्षर विधवेची जमीन कुठलीही प्रक्रिया न करता घेतली. ती हायकोर्टात आली २०१० ला. सरकार म्हणालं, फार उशीर. वर असंही म्हणालं की इतकी वर्षं आमचा कब्जा आहे, म्हणजे जमीन आमचीच झाली. सुप्रीम कोर्टाने ८ जानेवारी २०२० ला दोन्ही बचाव झिडकारले. कायद्याने चालणारं सरकार आपल्याच नागरिकाच्या जमिनीवर प्रतिकूल कब्जा सांगू शकत नाही, आणि असा अन्याय रोज चालूच राहतो, त्यामुळे उशिराचं कारण पुढे करता येत नाही. त्या बाई तेव्हा ऐंशीच्या घरात होत्या. त्याआधी २०१२ मध्ये आपल्याच राज्यातलं, ठाणे जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांचं प्रकरण: १९६४ पासून जमीन एमआयडीसीकडे, मोबदला नाही. तिथेही 'उशिरा आलात' चाललं नाही.

रस्ता उखडून मिळणार नाही, तो विचार सोडा. मोबदल्याची मागणी मात्र जिवंत आहे. आधी त्या खात्याला आणि जिल्हाधिकाऱ्यांना लेखी अर्ज करा, 'संपादनाचे कागद दाखवा' म्हणून. कागद नाहीत असं लेखी उत्तर आलं, तर ते सोन्यासारखं जपा.

आडनाव_नाही | मंगळवार, रात्री १०:४०

पाषाणचं प्रकरण पण असंच ना? लाडकी बहीणवालं?

काळा_कोट | मंगळवार, रात्री ११:०५

हो. पाषाणची चोवीसेक एकर जमीन, एका कुटुंबाने १९५० ला घेतलेली. १९६३ ला सरकारने ताब्यात घेतली आणि संरक्षण संशोधनाच्या संस्थेकडे गेली. ते कुटुंब सुप्रीम कोर्टापर्यंत जिंकलं. मग सरकारने बदली जमीन दिली, तर ती निघाली वनजमीन. ऑगस्ट २०२४ मध्ये सुप्रीम कोर्ट इतकं वैतागलं की मोबदल्याचं नीट ठरवा, नाहीतर 'लाडकी बहीण'सारख्या योजना थांबवायला सांगू, असं सुनावलं. पण ती माणसं पहिल्यापासून भांडत होती. झोपून उठून आलेली नव्हती.

काळी_माती | बुधवार, सकाळी ७:४५

सारखं 'वेळेत या, वेळेत या' चाललंय म्हणून आठवण करून देतो. मुळशीकर १९२१ ला वेळेतच गेले होते. टाटांच्या धरणाचं काम चालू असतानाच सेनापती बापटांनी सत्याग्रह उभा केला, बाया-माणसं तुरुंगात गेली. धरण झालंच. आमच्या पणजोबांचं घर पाण्याखाली आहे. वेळेत गेलं की मिळतं असा समज नसावा.

मावळतीचा_वारा | बुधवार, सकाळी ८:०२

आमचंही. उन्हाळ्यात पाणी उतरलं की आजी हात करून दाखवायची.

सासवडकर | बुधवार, रात्री ८:३०

मधेच घुसतो. आमच्या पुरंदरात विमानतळासाठी सात गावं आहेत. एमआयडीसी कायद्याच्या ३२(२) च्या नोटिसा घरोघरी आल्या. काही लोक म्हणतात नोटीस घ्यायचीच नाही, म्हणजे संपादन लागू होत नाही. खरं आहे का?

अव्वल_कारकून | बुधवार, रात्री ८:५५

अजिबात नाही. नाकारली की दाराला चिकटवतात, पंचनामा करतात, आणि 'बजावली' असा शेरा पडतो. घ्या, तारीख टाकून घ्या, मुदतीत लेखी हरकत द्या आणि हरकतीची पोच घ्या. शिक्का, सही, तारीख. तोंडी सांगितलं, सभेत बोललो, साहेब 'बघतो' म्हणाले, याला कोर्टात काडीची किंमत नाही. जमीन द्यायची की नाही हा तुमचा लढा, तो लढा. पण कागद सोडू नका.

मुठाकाठचा | शनिवार, रात्री ११:२०

मंडळी, सहा आठवडे गायब होतो. कागद मिळाले. अव्वल_कारकून काका, तुमचे उपकार. 'कजाप' हा शब्द उच्चारल्यावर खिडकीतल्या माणसाने पहिल्यांदा मान वर केली.

निवाडा १९८६ चाच. कलम ९ ची नोटीस आजोबांच्या नावे, ते जाऊन तीन वर्षं झाली होती. हे वाचून भाऊ उडालाच, "मयताला नोटीस! सापडला मुद्दा!" पण पुढच्याच पानावर वडिलांचा अर्ज आहे, आम्ही तिघे भाऊ वारस, आमची नावं लावा म्हणून. ताबा पावतीवर वडिलांची सही, धाकट्या काकांचा अंगठा. वाटपाच्या पत्रकावर तिघांच्या सह्या. 'अंडर प्रोटेस्ट' कुठेही नाही.

त्याहून जिव्हारी लागलं ते वेगळंच. आमच्या बांधाला बांध असलेल्या शेजाऱ्याने कलम १८ खाली अर्ज केला होता. १९९४ ला त्याला कोर्टातून जवळजवळ तिप्पट भाव मिळाला. आमच्या घरात हे कोणाला माहीतही नाही.

अव्वल_कारकून | रविवार, सकाळी ६:४०

तिथे कलम २८अ होतं. १९८४ च्या दुरुस्तीने आलेलं, खास तुमच्यासारख्यांसाठी. त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला कोर्टाने वाढवून दिलं, की तीन महिन्यांत साधा अर्ज करायचा, आम्हालाही तोच भाव द्या. पैसे प्रोटेस्टशिवाय उचललेले असले तरी चालत होतं. कोर्ट फी सुद्धा नाही. १९९४ च्या त्या तीन महिन्यांत एक अर्ज, बस. किती घरांचं असं झालं ते मी मोजायचं सोडून दिलं होतं.

काळा_कोट | रविवार, सकाळी ११:३०

एक विचारतो, राग मानू नका. आजोबांना मुली नव्हत्या?

मुठाकाठचा | रविवार, दुपारी ४:१५

राग कसला. मला माहीत होतं कोणीतरी विचारणार. एक आत्या आहे, दौंडला असते.

काळा_कोट | रविवार, दुपारी ५:००

जमीन आजोबांची स्वतःची खरेदी आणि मृत्यू १९८३ चा. म्हणजे १९५६ च्या वारसा कायद्याप्रमाणे आत्यांचा वाटा भावांइतकाच, पाव हिस्सा. आजी हयात असतील तर पाचवा. त्यांच्या वाट्याचा मोबदला तुमच्या वडिलांनी आणि काकांनी उचलला. १८९४ च्या कायद्याच्या कलम ३१ मध्येच आहे की ज्याने पैसे घेतले त्याने ते खऱ्या हक्कदाराला द्यायचे. दावा सरकारवर नाही, तुमच्या घरावर. मुदत त्यांचीही केव्हाच उलटून गेली असेल, त्यामुळे तुम्हाला भीती नाही, असं मी अशिलाला सांगतो.

उरलेल्या एक एकर बत्तीस गुंठ्यांची गोष्ट वेगळी. त्यात त्यांचा वाटा आजही आहे, नाव लागलेलं नाही एवढंच.

मुठाकाठचा | पुढचा रविवार, रात्री १०:०५

दौंडला जाऊन आलो. निवाड्याची नक्कल आत्याच्या हातात दिली. तिने चष्मा लावून सगळं वाचलं, आकड्यावर बोट ठेवलं. म्हणाली, "त्या दिवाळीला दादाने मला साडी घेतली होती. हिरवी, नारायणपेठी. एवढी भारी कशी काय, असं वाटलं होतं. विचारलं नाही."

एवढंच. मग चहा टाकला.

भावाशी भांडण झालं. तो म्हणतो, सरकारकडून सोडवायला निघालो होतो आणि तू घरातली वाटायला काढलीस. धाकट्या काकांनी मात्र सही केली. सल्लागार आता शेजारच्या वाडीत दिसतात असं ऐकलं. उरलेल्या जमिनीवर आत्याचं नाव लावायचा वारस नोंदीचा अर्ज शुक्रवारी तलाठ्याकडे दिला (ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं आता, पण तोंडी बसत नाही).

अव्वल_कारकून | पुढचा रविवार, रात्री १०:२०

पोच घेतली?

मुठाकाठचा | पुढचा रविवार, रात्री १०:२२

घेतली काका. सही आहे, शिक्का आहे. शिक्क्यातली तारीख पुसट उमटलीय.

अव्वल_कारकून | पुढचा रविवार, रात्री १०:२३

मग उद्या सकाळी परत जा.